दान आणि मजुरी

भुकेल्याला भाकरी द्यावी, ही ख्रिस्ती धर्मातली जुनी आणि सर्वांना मान्य असलेली शिकवण. मत्तयाच्या शुभवर्तमानाच्या २५ व्या अध्यायात शेवटचा न्याय होतो तोच मुळी उपाशी माणसाला जेवू घातले का, आजाऱ्याची विचारपूस केली का, यावर. पण बायबलमध्ये मजुरीचाही एक धागा आहे आणि प्रवचनांत तो कमी ऐकू येतो. ‘अनुवाद’ या पुस्तकात गरीब मजुराची मजुरी सूर्य मावळायच्या आत चुकती करायला सांगितले आहे. याकोबाच्या पत्रात अडवून ठेवलेली मजुरी स्वतःच धनिकांविरुद्ध ओरडते. येशूच्या द्राक्षमळ्याच्या दृष्टान्तात काम मिळेल म्हणून बाजारात ताटकळत उभी राहिलेली माणसे आहेत. पिंपरी-चिंचवडच्या एखाद्या मजूर अड्ड्यावर सकाळी उभ्या असलेल्या कुणालाही हा दृष्टान्त समजावून सांगावा लागणार नाही. दिवस कलताना कामाला लागलेल्यालाही मळ्याचा मालक पूर्ण दिवसाचा रोज देतो, हे मात्र कुठल्या ठेकेदाराला पटेल असे वाटत नाही.

मेथडिस्ट पंथाचा जन्म या दुसऱ्या धाग्याजवळ झाला. त्याचा संस्थापक जॉन वेस्ली १७३९ मध्ये ब्रिस्टलजवळच्या किंग्जवूडला कोळसा खाणीतल्या मजुरांपुढे उघड्यावर बोलू लागला. लंडनमध्ये त्याने तोफा ओतण्याचा एक पडका कारखाना घेऊन तिथे उपासना सुरू केली आणि १७४६ मध्ये गरिबांसाठी दवाखाना आणि छोट्या कर्जाचा निधीही उभा केला. कर्ज तीन महिन्यांत फेडायचे असे. जेम्स लॅकिंग्टन या मोच्याने त्याच निधीच्या आधाराने पुस्तकांचे दुकान वाढवले, पुढे लंडनचा बडा पुस्तकविक्रेता झाला, आत्मचरित्रात मेथडिस्टांची यथेच्छ टिंगल केली आणि म्हातारपणी त्याबद्दल पश्चात्ताप छापला. उपकाराची परतफेड नेहमी हप्त्यांत होतेच असे नाही.

वेस्लीच्या विचारातल्या दोन गोष्टी विशेष आहेत. पहिली अशी, की मदत दुसऱ्याच्या हाती धाडू नये, स्वतः जाऊन द्यावी. श्रीमंतांना गरिबांविषयी कणव वाटत नाही, कारण ते त्यांच्या घरी क्वचितच जातात. १७५३ मध्ये लंडनच्या तळघरांत आणि माळ्यांवर फिरून आल्यावर, गरीब आळशी असतात म्हणून गरीब राहतात, हे म्हणणे त्याने साफ खोटे ठरवले. दुसरी गोष्ट हिशेबाची. १७७३ च्या धान्यटंचाईवर लिहिताना त्याने दैवाला किंवा पापाला बोल लावला नाही. धान्य दारूच्या भट्ट्यांत जाते, श्रीमंतांच्या घोड्यांच्या तोंडी जाते, मोठ्या शेतांनी छोटी शेते गिळली आहेत आणि कर जड आहेत, अशी कारणे त्याने एकेक करून मांडली. पैशावरचे त्याचे प्रवचन मात्र कमवा, वाचवा, द्या या तीन शब्दांत आटवले गेले. कमावताना स्वतःची प्रकृती आणि शेजाऱ्याचे हित यांना धक्का लागू नये, ही त्यातली अट वाटेत गळाली. कारखान्यांच्या पट्ट्यात नेमकी ती अटच कामाची आहे.

महाराष्ट्रात हा पंथ आला तो विल्यम टेलर या धर्मप्रचारकाबरोबर, १८७१ मध्ये मुंबईला. मिशनच्या पैशावर न जगता मंडळीने स्वतःचा खर्च स्वतः भागवावा, हा त्याचा आग्रह. साहजिकच पहिल्या मंडळ्यांत रेल्वे आणि तारखात्यातले युरोपीय व अँग्लो-इंडियन लोकच जास्त होते. जॉर्ज बोवेन टेलरच्या आधीपासून, १८४८ पासून, मुंबईत होता. अमेरिकन मराठी मिशनचा पगार नाकारून तो बाजारवस्तीत अगदी थोडक्यात भागवून राहिला, ‘बॉम्बे गार्डियन’ चालवले आणि पुढे मेथडिस्टांना मिळाला. महाराष्ट्राला अशी फकिरी नवी नव्हती. वाटणीला आलेली कर्जखते तुकोबांनी इंद्रायणीत बुडवली, असे परंपरा सांगते, आणि ते देहू आज पिंपरी-चिंचवडच्या कारखान्यांना लागून आहे.

१८९६-९७ आणि १८९९-१९०० च्या दुष्काळांनी ख्रिस्ती सेवेला इथे तिचे कायमचे रूप दिले. पंडिता रमाबाईंनी मध्य प्रांतातून आणि गुजरातेतून दुष्काळात सापडलेल्या मुली केडगावला आणल्या. १९०० च्या सुमारास तिथल्या त्यांच्या मुक्ती सदनात सुमारे २००० जणी होत्या. मेथडिस्ट सेविका मिनी एब्रम्स १८९८ मध्ये रमाबाईंच्या मदतीला आली. टेलरच्या हाकेला ओ देऊन भारतात आलेल्या अल्बर्ट नॉर्टनने दौंडला मुलांसाठी अनाथालय काढले. चाकणजवळच्या तळेगाव दाभाड्यात मेथडिस्टांची मुलींची वसतिशाळा चालली. रमाबाई केवळ अन्न देऊन थांबल्या नाहीत. विणकाम, तेलघाणा, दूधदुभते, छपाई असे हाताला काम दिले आणि त्यांचे मराठी बायबल मुक्तीच्या छापखान्यात बायकांनीच छापले. असा अपवाद वगळला तर एक साचा पक्का झाला: गरीब म्हणजे अनाथ, आजारी, टाकलेला, आणि सेवा म्हणजे आश्रम, शाळा, इस्पितळ. आधी मेथडिस्ट धर्मोपदेशक असलेल्या विल्यम बूथची मुक्तिफौज (साल्व्हेशन आर्मी) १८८२ मध्ये मुंबईत उतरली, तिचा अहमदनगरचा दवाखानाही याच साच्यातला.

या साच्याने लाखो माणसे जगवली, हे विसरून त्याच्यावर टीका करणे सोपे आहे. तरी टीका झाली, आणि ती घरातूनच म्हणावी इतक्या जवळून. १ जानेवारी १९३८ रोजी सोलापुरात ख्रिस्ती समाजापुढे बोलताना डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी दाखवून दिले की शिक्षण मिळूनही हा समाज सामाजिक अन्यायाविरुद्ध झगडलेला नाही. आजही तो प्रश्न जुना झालेला नाही. नगर-जालन्याकडची दलित ख्रिस्ती कुटुंबे कामासाठी पिंपरी-चिंचवडला आली. १९५० च्या राष्ट्रपतींच्या आदेशामुळे त्यांना अनुसूचित जातीचा दर्जा नाही; १९५६ मध्ये तो शीख दलितांना आणि १९९० मध्ये बौद्धांना मिळाला. एकाच चाळीत, एकाच गावाहून आलेल्या दोन दलित घरांत धर्माच्या रकान्यामुळे दोन वेगळे दाखले असतात.

मजुरीचा धागा मेथडिस्टांनी पुन्हा उचलला तो अमेरिकेत. १९०८ च्या सामाजिक जाहीरनाम्यात जगण्यापुरते वेतन, कामाचे कमी तास, बालमजुरीचा अंत आणि सात दिवसांत एक दिवस विश्रांती या मागण्या चर्चने स्वतः मांडल्या. कॅथलिक चर्चने पोपच्या १८९१ च्या परिपत्रकात न्याय्य वेतनाची गोष्ट आधीच केली होती, आणि बिशपांच्या १९६८ च्या मेदेलिन परिषदेनंतर लॅटिन अमेरिकेतून गरिबांची बाजू घेण्याची भाषा जगभर गेली.

पिंपरी-चिंचवडलगतच्या चाकण पट्ट्यात आज गरिबी दिसते ती कामावर असलेल्या माणसाची. हिंदुस्तान अँटिबायोटिक्सचा पिंपरीतला कारखाना १९५४ चा. एमआयडीसी १९६२ ची. मोटारींचे मोठे कारखाने चाकणला त्यानंतर कित्येक दशकांनी आले. आरंभीच्या कायम कामगाराला वसाहत, युनियन, ईएसआय मिळाले. महाळुंगे, खराबवाडी, नाणेकरवाडीच्या भाड्याच्या खोल्यांत राहणारा पोरगा ठेकेदाराच्या हजेरीपटावर असतो. कारखाना गाडी बनवतो, पण आपला मालक कोण हे या पोराला पगाराच्या चिठ्ठीवरूनच कळते. त्याला अनाथालय नको, इस्पितळही रोज नको. वेस्लीने सांगितले तसे या खोलीपर्यंत जाणे आणि १७७३ सारखा हिशेब मांडणे या दोन्ही गोष्टी त्याच्यासाठी लागतात. आश्रमाच्या साच्यात त्यांपैकी एकही नीट बसत नाही. विश्रांतीच्या दिवसाचेच पाहावे: या पट्ट्यात अनेक कारखान्यांची साप्ताहिक सुट्टी गुरुवारी असते, त्यामुळे ख्रिस्ती कामगाराला रविवारची उपासना शिफ्टच्या आगेमागे बसवावी लागते, नाहीतर त्या दिवसाची हजेरी सोडावी लागते.