भूतकाळ नसलेली बोली

नोकरी म्युनिकमध्ये होती, पण तिथलं घरभाडं झेपेना. म्हणून उपनगरी रेल्वेच्या एस-२ मार्गावर, वीसेक मिनिटांवरच्या गावात खोली घेतली. पत्ता आईला फोनवर सांगितला तेव्हा तिने फक्त थंडी किती असते ते विचारलं. भावाला सांगितला, तर पलीकडे क्षणभर आवाजच नाही. मग म्हणाला, "डाखाऊ? तेच का रे?" त्यानंतर कुणी विचारलं की मी "म्युनिकजवळ" एवढंच सांगू लागलो.

घरमालकीणबाई ऐंशीच्या पुढच्या. तोंडावर आडनावाने हाक मारायची आणि मनात आजी म्हणायचं, असा माझा रिवाज. पुण्यात दोन वर्षं घोटलेलं माझं जर्मन त्यांच्या पहिल्याच वाक्यापुढे आडवं झालं. म्युनिकला त्या 'मिंगा' म्हणत. निरोप देताना म्हणत 'फिआ दी'. 'देव तुझं रक्षण करो' या आख्ख्या वाक्याचा नदीतल्या गोट्यासारखा झिजून उरलेला हा तुकडा. निघताना 'जातो' न म्हणता 'येतो' म्हणणाऱ्या घरातला मी. मला तो लगेच आवडला.

आजींची ही बवेरियन बोली उलगडत गेली तसे तिचे जुने कप्पे दिसू लागले. गुरुवारचं जुनं नाव 'फिन्स्ता'. त्यात ग्रीकमधला 'पाचवा' दडून बसलेला. 'तुम्ही'साठी शब्द 'एस'. तो मुळात 'तुम्ही दोघं' अशा अर्थाचा. शाळेत 'रामौ' घोकताना जे द्विवचन डोक्याला ताप वाटायचं, त्याचं हाडूक इथे बेकरीच्या रांगेत रोज कानावर पडत होतं. दोघांसाठीचा शब्द आता सगळ्यांना पुरतो. आजींचा नातू मात्र शाळेतलं प्रमाण जर्मनच बोले. आजी बोलीत विचारत, तो पुस्तकी भाषेत उत्तर देई. युनेस्कोने २००९मध्ये बवेरियनची गणना असुरक्षित भाषांमध्ये केली, ती अशाच स्वयंपाकघरांमुळे.

रविवारी मी टेकडीवरच्या वाड्याकडे चढून जाई. बवेरियाच्या राजघराण्याच्या या चौसोपी वाड्याची तीन अंगं एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीला पाडली; एकच उरलं. बागेच्या कठड्यावरून म्युनिक दिसतं, आणि हवा स्वच्छ असेल तर मागे आल्प्सची निळी रेघ. गावाचं नाव पहिल्यांदा कागदावर उमटलं ते ८०५ साली. एर्खाना नावाच्या खानदानी बाईंनी इथली मालमत्ता फ्रायझिंगच्या बिशपला दान दिली, त्या दानपत्रात. पुढे १९००च्या आसपास इथे चित्रकारांची रीघ लागली. पायथ्याच्या दलदलीवरचा ओलसर, दुधाळ उजेड टिपायला ती मंडळी येत. तेव्हा 'डाखाऊ' म्हटलं की लोकांच्या डोळ्यांसमोर चित्रं येत.

लेखक लुडविग टोमाने १८९४ ते १८९७ इथे वकिली केली. अशिलांच्या तक्रारी ऐकता ऐकता त्याचा कान तयार झाला, आणि इथले शेतकरी त्याच्या कथांतून आपल्याच बोलीत भांडू लागले. त्याच टोमाने आयुष्याच्या अखेरीस, १९२०-२१मध्ये, वर्तमानपत्रातल्या निनावी लेखांतून ज्यूंविरुद्ध गरळ ओकली. बोली गोड म्हणून बोलणारा गोड असतोच असं नाही, हे मी त्याच्याकडून शिकलो.

मग १९३३. त्या वर्षी गावाला शहराचा दर्जा मिळाला. त्याच वर्षी २२ मार्चला, पहिल्या महायुद्धातल्या दारूगोळा कारखान्याच्या जागेवर छळछावणी उघडली. बारा वर्षांत दोन लाखांहून अधिक कैदी या छावणीच्या आणि तिच्या उपछावण्यांच्या हिशेबात आले. किमान ४१,५०० माणसं मेली. १३ सप्टेंबर १९४४ला गोळी घातलेल्यांत भारतीय वडिलांची लेक नूर इनायत खान होती. २८ एप्रिल १९४५ला पळालेल्या काही कैद्यांनी आणि गावकऱ्यांनी मिळून नगरपालिकेची इमारत ताब्यात घेतली. त्यांतले सहाजण मारले गेले. दुसऱ्या दिवशी अमेरिकन सैन्य छावणीत शिरलं.

मी छावणी पाहायला एकदाच गेलो. परत आलो तेव्हा आजी बटाटे सोलत होत्या. कुठे गेला होतास, असं त्यांनी विचारलं, मी सांगितलं. सुरी थांबली नाही. बऱ्याच वेळाने त्या म्हणाल्या, "इ हॉब्स ग्सेंग." मी ते पाहिलं आहे. काय पाहिलं, ते त्यांनी सांगितलं नाही आणि मीही विचारलं नाही.

ते वाक्य मात्र कानात राहिलं. पुस्तकी जर्मनमध्ये 'पाहिलं' असा एका शब्दाचा साधा भूतकाळ आहे. बवेरियन बोलीने तो काही शतकांपूर्वीच टाकून दिला. 'होतं'सारखी एकदोन क्रियापदं सोडली, तर या बोलीत घडून गेलेलं काहीही 'आहे'ला सोबत घेतल्याशिवाय सांगताच येत नाही. 'हॉब' म्हणजे 'माझ्याजवळ आहे'. काल खाल्लेला पावही जवळ आहे, आणि लहानपणी कुंपणापलीकडे पाहिलेलंही. व्याकरणाला नीती नसते, हे मला कळतं. याच बोलीत माणसं मान वळवून गप्पही बसली. तरी आजींच्या त्या एका वाक्यात काहीही मागे टाकलेलं नव्हतं.

आता मी नाशकात असतो. जर्मनीत कुठे होतात, असं कुणी विचारलं, तर पूर्वी "म्युनिकजवळ राहत होतो" म्हणायचो. आता सांगतो, मी डाखाऊला राहिलो आहे.