वेळिच्चप्पाडला भाषण नाही

२५ डिसेंबर २०२४ ला कोळिकोडमध्ये मल्याळम कादंबरीकार आणि पटकथाकार एम. टी. वासुदेवन नायर गेले. त्याच आठवड्यात माझ्या वर्गात एक वाद अर्धवट राहिला होता. पुढे संपादकांनी ‘कादंबरीकार चित्रपटाकडे वळतो म्हणजे काय होतं, ते वाचकांना झेपेल असं लिहा’ म्हणून फोन केला, तेव्हा मला तो वादच आठवला.

मी वीस वर्षं पटकथा शिकवते. एका विद्यार्थ्यानं एका मराठी लघुकादंबरीवरून पटकथा लिहून आणली होती. नायिकेच्या मनातलं सगळं त्यानं व्हॉइसओव्हरमध्ये घातलं होतं. ते सगळं काढ म्हटल्यावर तो म्हणाला, “मॅडम, मग उरतं काय?”

त्याला मी ‘निर्माल्यम्’ दाखवला.

एम. टीं.नी दिग्दर्शित केलेला हा पहिला चित्रपट, १९७३ चा, त्यांच्याच कथेवर बेतलेला. वेळिच्चप्पाड म्हणजे देवीच्या देवळातला, अंगात येणारा माणूस. हातात कोयत्यासारखी वाकडी तलवार, कमरेला घुंगरांचा पट्टा, पायात चिलंबू म्हणजे वाळे. देवळाला उत्पन्न नाही, घरात तांदूळ नाहीत. मुलगा ती पवित्र तलवारच विकायला काढतो. बाप त्याला घराबाहेर घालवतो. गावात देवीचा रोग येतो, तेव्हा गावाला देवी आठवते आणि उत्सव ठरतो. त्याच उत्सवाच्या दिवशी, ज्याच्याकडून घरानं उधार घेतलेलं असतं तो माणूस वेळिच्चप्पाडच्याच घरातून बाहेर पडताना त्याला दिसतो. पोरांच्या पोटासाठी बायकोनं काय केलं, ते त्याला कळतं. तो देवळात जातो, नाचतो, तलवारीनं कपाळ फोडून घेतो आणि तोंडात उतरलेलं रक्त देवीच्या मूर्तीवर थुंकतो. तिथेच कोसळतो. पी. जे. अँटनी यांना या भूमिकेसाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, चित्रपटाला सुवर्णपदक.

या शेवटात त्याला एकही भाषण नाही. आपल्याकडे इथे टाळ्यांचं वाक्य मागितलं असतं. माझ्याकडेही एकदा मागितलं गेलं, मी दिलं, आणि त्याची बोच अजून आहे.

इथे थोडं तांत्रिक बोलावं लागेल. चित्रपट पाहून आल्यावर लोक विचारतात, संवाद कोणाचे? पटकथा म्हणजे संवाद, हा समज काही केल्या जात नाही. संवाद हा पटकथेचा शेवटचा थर. त्याआधी वनलाइन, म्हणजे गोष्टीची थोडक्यात रूपरेषा, असते, सीनचा क्रम असतो, कोण कुठल्या दारानं आत येतं आणि कोणाला काय उशिरा कळतं, हे असतं. ‘निर्माल्यम्’मध्ये मुलगा आधी जातो आणि घरातलं सत्य नंतर उघडं पडतं. हा क्रम उलटा करून पाहा. शेवटी राग काढायला मुलगा तरी समोर राहिला असता. आहे त्या क्रमात एकेक माणूस गळतं आणि फक्त देवी उरते. म्हणून ते थुंकणं बाहेरून चिकटवलेलं वाटत नाही. हा क्रम म्हणजेच लेखन. तो दिसत नाही, म्हणून त्याचं श्रेयही कोणी देत नाही.

दुसरी तक्रार ‘मूळ कादंबरीला न्याय दिला नाही’ या वाक्याची. एम. टी. १९६५ साली पटकथेत उतरले ते स्वतःच्याच कथेवरून लिहिलेल्या ‘मुरप्पेण्णु’नं. तोवर त्यांची ‘नालुकेट्टु’ ही कादंबरी (१९५८) गाजली होती. नालुकेट्टु म्हणजे आपल्या चौसोपी वाड्यासारखं घर, मधे उघडा चौक. मातृवंशीय नायर कुटुंबाचं. निळा नावाच्या नदीकाठच्या कूडल्लूरमध्ये त्यांनी असं जग जवळून पाहिलं होतं. कादंबरीच्या शेवटी अप्पुण्णी ते घर विकत घेतो आणि पाडून उजेड-वारा येईल असं छोटं घर बांधायचं ठरवतो. पटकथाकारालाही आधी पाडावंच लागतं. पन्नासहून अधिक पटकथा त्यांनी लिहिल्या, पटकथेचे चार राष्ट्रीय पुरस्कार मिळवले, आणि त्यांच्या पटकथा पुस्तकरूपात निघाल्या. केरळात लोक त्या विकत घेऊन वाचतात. मराठीत छापील पटकथा शोधायला निघा, म्हणजे मला काय म्हणायचंय ते कळेल.

असं पाडणं फक्त स्वतःच्या कथांपुरतं नव्हतं. ‘ओरु वडक्कन वीरगाथा’च्या पटकथेत (१९८९) त्यांनी लोकगीतांतला दगाबाज चंदू उचलला आणि सर्वांना पाठ असलेली गोष्ट त्याच्या बाजूनं मांडली. ‘रंडामूळम्’ या कादंबरीत (१९८४) तशीच भीमाची बाजू. ‘मृत्युंजय’ आणि ‘युगान्त’ वाचलेल्या मराठी वाचकाला ही वाट ओळखीची आहे.

इथवर वर्गात माझी बाजू भक्कम होती. मग त्या मुलानं ‘मञ्ञु’चं नाव काढलं.

एम. टीं.ची १९६४ ची ही कादंबरी नैनीतालची. विमला नावाची शिक्षिका वाट पाहते. बुद्धू नावाचा नावाडी कधीच न पाहिलेल्या गोऱ्या बापाची वाट पाहतो. घडत जवळजवळ काहीच नाही. १९८३ मध्ये एम. टीं.नी स्वतः त्यावर चित्रपट केला. तळं आहे, धुकं आहे, होडी आहे. पण कादंबरीतलं वाट पाहणं पडद्यावर मला जाणवलं नाही. मी तो तीनदा पाहिला, दर वेळी वहीत सीन मांडत गेले, क्रम बदलून पाहिला. सापडलं नाही. दिग्दर्शक तोच, लेखक तोच. बाहेरच्या कुणावर दोष ढकलायचीही सोय नाही.

मुलाची नायिकासुद्धा वाटच पाहते. त्यानं दुसरा ड्राफ्ट पाठवलाय. व्हॉइसओव्हर एकच ठेवलाय, सदतिसाव्या सीनला, ती अंगणातले वाळत घातलेले कपडे काढते तेव्हाचा. मी पेन्सिलनं त्यावर काट मारली, मग खोडरबरानं ती पुसली. त्याला अजून उत्तर पाठवलेलं नाही.