चढलेली पायरी उतरताना

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, असे आपल्याकडे म्हणतात. म्हण खोटी नाही. पण चढलेली पायरी उतरायची कशी हे कोणी सांगत नाही, आणि पाय घसरतो तो पुष्कळदा उतरतानाच.

आमच्या थोरल्या चुलत्यांनी, म्हणजे अण्णांनी, 1984 साली तालुक्याच्या दिवाणी कोर्टात बांधाचा दावा लावला होता. शेजाऱ्याने दरसाल नांगरताना बांध कोरत कोरत आमची सहा गुंठे जमीन आपल्या रानात ओढली होती. सहा गुंठे म्हणजे फार नव्हे, पण विहिरीकडे जाणारी वाट त्यातूनच होती. दोन वर्षे तारखा चालल्या. दर तारखेला एस.टी.चे भाडे, वकिलाची फी आणि दिवसभर कामाची खोटी.

पुढे शेजाऱ्याच्या मुलीचे लग्न ठरले. गावातली जाणती माणसे मध्ये पडली. शेजारी चारचौघांत म्हणाला, "अण्णा, लेकीचं कार्य आहे. दावा काढून घ्या. सुगी झाली की मोजणी आणू अन् बांध सरळ करू." अण्णांनी पुढच्याच तारखेला पुरसिस दिली : 'दावा चालविणे नाही, काढून टाकावा.' एवढी एकच ओळ. लग्नात आमच्या घरचा आहेर गेला. अण्णा पंगतीत वाढायला उभे राहिले.

सुगी झाली, मोजणी काही आली नाही. 1988 साली अण्णांनी फिरून दावा लावला. शेजाऱ्याच्या कैफियतीत पहिलाच मुद्दा होता, की याच जमिनीचा, याच मागणीचा दावा वादीने पूर्वी काढून घेतला आहे आणि फिरून दावा लावण्याची परवानगी घेतलेली नाही. कोर्टाने तो मान्य केला. जमीन कोणाची, हे तपासण्याची वेळच आली नाही. काकी पुढे कित्येक वर्षे डोक्यावर हंडा घेऊन लांबच्या वाटेने विहिरीवर जात असत.

अण्णांना हा अन्याय वाटे. कायद्याचे म्हणणे मात्र निराळे आहे. दिवाणी प्रक्रिया संहिता 1908 सालची. तिच्या 23 व्या आदेशात हा नियम आहे. वादीला आपला दावा केव्हाही सोडून देता येतो, त्याला कोणी अडवीत नाही. पण परवानगीवाचून सोडला, तर त्याच विषयाचा दावा त्याला पुन्हा लावता येत नाही, वर प्रतिवादीचा खर्चही अंगावर पडू शकतो. असे नसते तर एखाद्याने दावा लावावा, हरायची वेळ आली की काढून घ्यावा, पुन्हा लावावा आणि समोरच्याला जन्मभर तारखा करायला लावाव्यात, असे झाले असते.

परवानगी मिळते, पण मागावी लागते. दाव्यात तांत्रिक दोष असेल, जसे गट नंबर चुकला किंवा सरकारला आधी द्यायची नोटीस राहिली, अथवा दुसरे तसेच सबळ कारण असेल, तर 'नवा दावा लावण्याच्या मुभेसह' दावा काढून घेऊ द्यावा, असा अर्ज करता येतो. पुरावा कमी पडला, एवढे कारण सहसा चालत नाही.

मुभा मिळाली म्हणूनही स्वस्थ बसू नये. पहिला दावा झालाच नव्हता असे धरून मुदत मोजतात. मालकीच्या जमिनीचा ताबा मागण्याची मुदत, समोरचा ती आपली म्हणून बळकावून बसल्यापासून 12 वर्षांची आहे. त्यातली 9 वर्षे गेल्यावर दावा लावला आणि 2 वर्षांनी काढून घेतला, तर हाती एकच वर्ष उरते. पहिला दावा कोर्टाच्या अधिकारकक्षेसारख्या दोषामुळे काढावा लागला, तरच कोर्टात गेलेली वर्षे वजा होऊ शकतात.

म्हणून पुढे साऱ्याच वाटा बंद होतात, असेही नाही. त्याच शेजाऱ्याने नंतर आणखी जमीन कोरली, तर ती नवी आगळीक. तिचा दावा लावता येतो. विषय तोच की वेगळा, हे दाव्याचे कारण आणि मागणी मिळून ठरते, असे सर्वोच्च न्यायालयाने 1970 सालीच सांगितले आहे. वाटणीचेही तसेच. कुटुंब एकत्र आहे तोवर वाटणी मागण्याचा हक्क चालूच राहतो. भावाभावांनी मिळून दावा लावला असेल, तर एकट्याला तो बाकीच्यांच्या संमतीवाचून काढता येत नाही.

भांडण खरोखर मिटले असेल, तर सर्वांत चांगले म्हणजे तडजोडनामा. काय ठरले ते लिहावे, दोघांनी सह्या कराव्यात आणि कोर्टाकडून तसा हुकूमनामा करून घ्यावा. लोकअदालतीतही हे होते. तेथील निवाडा दिवाणी कोर्टाच्या हुकूमनाम्याइतकाच पक्का असतो आणि कोर्ट फीदेखील परत मिळते. मग शब्द फिरला तरी नवा दावा लावावा लागत नाही, त्याच कागदाची बजावणी मागता येते.

लेखी मागितले तर शेजाऱ्याला वाईट वाटेल, असा संकोच अनेकांना होतो. पण खरे वैर होते ते शब्द फिरल्यावर. म्हणून पुरसिसवर सही करण्यापूर्वी वकिलांना एवढे विचारावे, "उद्या यांनी ऐकले नाही, तर मला पुन्हा येता येईल का?" उत्तर नाही असे आले, तर तडजोड कागदावर उतरेपर्यंत सही करू नये.