काकडीतलं ऊन

जोनाथन स्विफ्टचं ‘गलिव्हर्स ट्रॅव्हल्स’ बहुतेकांसाठी लिलिपुटपाशीच संपतं. सहा इंची माणसं, दोऱ्यांनी जमिनीला जखडलेला गलिव्हर, झालं. मला मात्र त्याचा तिसरा भाग जास्त आवडतो. सगळ्यात विस्कळीत भाग म्हणून त्याची बदनामी आहे, आणि ती अगदीच खोटी नाही. त्या भागात लागादो नावाचं शहर आहे आणि शहरात एक भली मोठी अकादमी.

तिथे गलिव्हरला पहिलाच भेटतो तो गृहस्थ आठ वर्षं काकड्यांमधून सूर्यकिरण काढायच्या मागे लागलाय. किरण काढायचे, बाटल्यांत हवाबंद करून ठेवायचे आणि उन्हाळा थंडगार निघाला की सोडायचे. आणखी आठ वर्षांत गव्हर्नरच्या बागेला वाजवी दरात ऊन पुरवीन, अशी त्याला खात्री आहे. फक्त भांडवल कमी पडतंय, यंदा काकड्या फार महाग आहेत, तेव्हा तुम्ही काहीतरी द्या. पुढच्या खोल्यांत कोणी बर्फ भाजून त्याची बंदुकीची दारू करतोय, कोणी उश्यांसाठी संगमरवर मऊ करतोय, तर कोणी हवा आटवून हातात धरता येईल असा कोरडा पदार्थ बनवतोय. एक जण कोळ्याच्या जाळ्यापासून रेशीम काढतो आणि धाग्याला रंग यावा म्हणून कोळ्यांना रंगीत माश्या खायला घालतो.

वर्गात याचा अर्थ ठरलेला असतो. १६६० साली लंडनमध्ये रॉयल सोसायटी स्थापन झाली, स्विफ्टने १७२६ मध्ये तिची टर उडवली, म्हणजे तो विज्ञानविरोधी. परीक्षेत एवढं लिहिलं की मार्क मिळतात. मला हे पटत नाही, आणि ते माझ्या पप्पांमुळे.

पप्पा उद्यमबागेतल्या एका फाउंड्रीत मोल्डर आहेत, सव्वीस वर्षं झाली. मार्चमध्ये एका रविवारी मिस्सा करून आल्यावर मी परीक्षेची तयारी करत बसले होते. “काय वाचालीस गं?” म्हणून विचारलं, तर काकडीवाल्याचा उतारा मराठीत करून सांगितला. त्या माणसाचे हात आणि तोंड काजळलेले असतात, केस-दाढी जागोजागी होरपळलेली, शर्ट आणि कातडी एकाच रंगाची. मम्मी आतून म्हणाली, “हे तर आमच्याच घरचं माणूस.” पप्पा हसले नाहीत. त्यांनी विचारलं, “काकडीच कशाला घेतली तेनं? काकडीत सगळं पाणीच की. कोळसा घ्यायचा.”

मी आधी ही गंमत समजले, पण त्यात गंमत नव्हतीच. कोळसा म्हणजे कोट्यवधी वर्षांपूर्वीची झाडं, आणि झाडं ऊन खाऊनच वाढलेली. बीड वितळायला साधारण बाराशे अंश सेल्सिअस लागतात. पप्पांच्या क्युपोला भट्टीत ती उष्णता कोक देतो, आणि कोक कोळशापासूनच होतो. म्हणजे वनस्पतीत साठवलेलं ऊन बाहेर काढायचं काम आमच्या घरातला माणूस रोज करतो. लागादोचा गृहस्थ दिशेला बरोबर होता, त्याने फक्त भाजी चुकीची निवडली.

कोळ्याच्या रेशमाचंही तसंच. ते काही स्विफ्टच्या डोक्यातून निघालेलं नाही. फ्रान्समध्ये माँपेलिए इथल्या बाँ नावाच्या गृहस्थाने १७०९ च्या सुमारास कोळ्याच्या रेशमाचे मोजे खरोखर विणवले होते. आणि २०१२ मध्ये लंडनच्या व्हिक्टोरिया अँड अल्बर्ट म्युझियममध्ये मादागास्करच्या दहा लाखांहून जास्त कोळ्यांच्या धाग्याचा एक सोनेरी झगा मांडला होता. फोटोत तो इतका सुंदर दिसतो की स्विफ्टचा विनोद क्षणभर विसरायला होतं.

मग स्विफ्ट हसतो कशाला? माझ्या मते उत्तर अकादमीत नाही, अकादमीच्या आधीच्या प्रकरणात आहे. तिथे लागादोच्या बाहेरची जमीन ओस पडलीय, घरं पडायला आलीत, माणसांच्या अंगावर चिंध्या आहेत. एकटा लॉर्ड मुनोदी जुन्या पद्धतीने शेती करतो, त्याच्याकडे पिकतं आणि लोक त्यालाच हसतात. त्याची नदीकाठी एक पाणचक्की होती, चांगली चालणारी. योजनावाले आले आणि म्हणाले, ही पाडा, डोंगराच्या उतारावर नवी बांधा, पाणी नळांनी आणि यंत्रांनी वर चढवू. शंभर माणसं दोन वर्षं राबली, काम फसलं. योजनावाले दोष मुनोदीवर टाकून निघून गेले.

हा भाग पप्पांनी दोनदा वाचून घेतला. “पाणी वर चढवायला ताकद लागत्ये ती कुठनं आणणार होते?” एवढंच बोलले. पण मला माहीत होतं ते कशाबद्दल बोलतायत. दोन वर्षांपूर्वी त्यांच्या फाउंड्रीत एक विक्रेता नवीन पावडर घेऊन आला होता. साच्याची वाळू म्हणजे वाळू, बेंटोनाइट माती, पाणी आणि कोळशाची भुकटी. ही भुकटी ओततेवेळी जळते, तिच्या वायूमुळे वितळलेलं बीड वाळूला चिकटत नाही आणि माल गुळगुळीत निघतो. विक्रेता म्हणाला, माझी पावडर टाका, भुकटी बंद करा. पप्पा वाळू मुठीत दाबून, मोडून, कड बघून सांगतात की ती जमलीय की नाही. त्यांनी नको म्हटलं, पण त्यांना कोण विचारतो! माल खडबडीत निघाला, वाळू चिकटलेली, ऑर्डरी परत आल्या. विक्रेता म्हणाला, तुमचे मोल्डर नीट कुटत नाहीत. दोन मोल्डर घरी बसले, पप्पांचा ओव्हरटाइम बंद झाला आणि तो अजून सुरू झालेला नाही.

स्विफ्ट डब्लिनच्या सेंट पॅट्रिक कॅथेड्रलचा डीन होता, म्हणजे आमच्या नव्हे, प्रॉटेस्टंट चर्चचा. त्याने १७२४ मध्ये, वूड नावाच्या एका लोखंडवाल्याला आयर्लंडसाठी तांब्याची नाणी पाडायचा परवाना मिळाला होता त्याविरुद्ध, कापडविक्याच्या नावाने पत्रं लिहिली, आणि पुढच्या वर्षी तो परवाना मागे घेतला गेला. प्रयोगाची किंमत कोण मोजतो हे त्याला पक्कं ठाऊक होतं, असं मला वाटतं.

आता आपल्या, म्हणजे साहित्यवाल्यांच्या खोलीबद्दल. अकादमीत भाषेचा विभागही आहे. तिथे वीस फुटी चौकटीत शब्द चिकटवलेले लाकडी ठोकळे आहेत. चाळीस विद्यार्थी दांड्या फिरवतात, जुळून आलेली वाक्यं लिहून घेतात आणि अशा रीतीने अगदी अडाणी माणूसही काव्य, कायदा, धर्मशास्त्र सगळं लिहू शकतो. अशा पाचशे चौकटी हव्यात, लोकांनी वर्गणी द्यावी. (आमच्या वर्गात हे वाचताना कोणाचे डोळे मोबाइलकडे गेले ते लिहीत नाही.)

पण मला खरी टोचली ती वर्गणी. पप्पांनी विचारलं होतं, एम.ए. करून पुढे काय? मी हिशेब सांगितला: दोन वर्षं एम.ए., एक वर्ष नेटची तयारी, पाच वर्षं पीएच.डी. बेरीज करून बघा. तेव्हा आम्ही दोघंही ती मोठ्याने बोललो नाही.

फॉर्मची मुदत पंधरा तारखेपर्यंत आहे. काल पप्पांनी फी किती म्हणून विचारलं, मी आकडा सांगितला. “काकड्या महागल्यात की गं,” म्हणाले आणि टॉवेल घेऊन आंघोळीला गेले. हो नाही, नाही नाही. मी फॉर्म भरून ठेवलाय.