सत्तेचाळीस यार्ड, आठ सेकंद

अमेरिकेत ऑनसाईट गेलेल्या प्रत्येक मराठी माणसाला पहिल्या सहा महिन्यांत एक प्रश्न पडतोच. ह्या खेळाला हे लोक 'फुटबॉल' का म्हणतात? चेंडू हातात घेऊन पळतात, हाताने फेकतात, हाताने झेलतात. पाय लागतो तो कधीतरी, चुकूनमाकून. मलाही हा प्रश्न पडला होता, आणि तो मी हापिसात शेजारच्या क्यूबिकलमध्ये बसणाऱ्या सहकाऱ्याला विचारला. हा गडी मूळचा बफेलोचा. तो म्हणाला, "पाय लावणारा टीममध्ये एक असतो. आणि लोकांना त्याचं नाव कळतं ते बहुतेक वेळा तो चुकल्यावरच."

त्या दिवशीचा सगळा लंच अवर मग स्कॉट नॉरवुड ह्या माणसावर गेला. तेव्हापासून हा माणूस माझ्या डोक्यात घर करून बसलाय. का, ते पुढे सांगतो.

ज्यांना हा खेळ माहीत नाही त्यांच्यासाठी थोडं बेसिक. (माहीत असलेल्यांनी पुढचे दोन परिच्छेद सोडले तरी चालेल :) ) चेंडू पळवत प्रतिस्पर्ध्याच्या टोकापर्यंत नेला की टचडाऊन, त्याचे ६ गुण. ते जमत नाहीये असं दिसलं, की लांबूनच चेंडू दोन खांबांच्या मधून लाथाडायचा. हा फील्ड गोल, त्याचे ३ गुण. खांबांमधलं अंतर साडेअठरा फूट, आडवी दांडी जमिनीपासून १० फुटांवर. ही लाथ मारणारा स्पेशालिस्ट म्हणजे प्लेसकिकर.

एक जण दोन पायांच्या मधून चेंडू मागे फेकतो, सात-आठ यार्ड मागे गुडघ्यावर बसलेला दुसरा तो झेलून जमिनीवर उभा धरतो, आणि किकर येऊन मारतो. समोरून अकरा धिप्पाड माणसं हात वर करून अंगावर येत असतात. हे सगळं साधारण दीड सेकंदाच्या आत. किकरला असं सामन्यातून चार-पाच वेळा मैदानात बोलावतात. उरलेला वेळ तो बाउंड्रीबाहेर एका जाळीत किक मारत असतो, एकटाच. आपल्या भाषेत सांगायचं तर बेंचवरचा माणूस, पण प्रॉडक्शन पडलं की रात्री दोनला फोन ह्यालाच.

नॉरवुड व्हर्जिनियातल्या जेम्स मॅडिसन युनिव्हर्सिटीतून आला. ड्राफ्टमध्ये त्याला कोणी घेतलं नाही. किकर लोकांचं बऱ्याचदा असंच होतं, कॅम्पसमध्ये कोणी उचलत नाही आणि मग दारोदार ट्रायल देत फिरायचं. तोही आधी यूएसएफएल नावाच्या दुसऱ्या एका लीगमधल्या बर्मिंगहॅमच्या टीमकडे होता. १९८५ मध्ये बफेलो बिल्सने त्याला घेतलं. बफेलो म्हणजे ईरी सरोवराच्या काठचं गाव. बर्फ आणि वारा, दोन्ही भरपूर. किकरसाठी ह्याहून वाईट पोस्टिंग शोधून सापडणार नाही. तिथे राहून १९८८ मध्ये हा माणूस ऑल-प्रो झाला, म्हणजे लीगच्या त्या वर्षीच्या सर्वोत्तम संघात किकर म्हणून त्याचं नाव आलं. हे मुद्दाम सांगतोय, कारण पुढची गोष्ट ऐकताना तो कोणीतरी बिचारा कच्चा लिंबू होता असं वाटतं. तसं नव्हतं.

२७ जानेवारी १९९१. फ्लोरिडातलं टॅम्पा. पंचविसावा सुपर बोल, बफेलो बिल्स विरुद्ध न्यूयॉर्क जायंट्स. शेवटची आठ सेकंदं उरली आहेत, जायंट्स २०, बिल्स १९. चेंडू २९ यार्डच्या रेषेवर. आता इंजिनियर मंडळींसाठी हिशोब: २९ यार्ड, अधिक टोकाला असलेला १० यार्डांचा एन्ड झोन, अधिक चेंडू मागे फेकायचे ८ यार्ड. एकूण ४७. आपल्या क्रिकेटच्या दोन खेळपट्ट्या एकापुढे एक ठेवल्या तर ४४ यार्ड होतात, त्याच्याही पुढे तीन. बफेलोच्या मैदानावर कृत्रिम टर्फ होतं, इथे खरं गवत. नॉरवुडच्या पायाचा आवाका साधारण इथेच संपत होता.

किक गेली. उंची व्यवस्थित, अंतर व्यवस्थित. फक्त उजव्या खांबाच्या बाहेरून. कॉमेंटेटरचे 'वाईड राईट' हे दोन शब्द बफेलोत आज पस्तीस वर्षांनंतरही कोणी हसत म्हणत नाही. बिल्स त्यानंतर आणखी सलग तीन सुपर बोल हरले. नॉरवुडच्या त्या एका किकवरून प्रेरणा घेऊन सिनेमात पात्रं आली. 'बफेलो ६६' मध्ये तर किकरचं नावच स्कॉट वूड आहे!

आता स्कोअरकार्ड जरा नीट बघा. ६० मिनिटांच्या त्या सामन्यात चेंडू ४० मिनिटं आणि ३३ सेकंद जायंट्सकडे होता. तिसऱ्या क्वार्टरमध्ये त्यांनी नऊ मिनिटांहून जास्त वेळ चेंडू सोडलाच नाही आणि शेवटी टचडाऊन करूनच थांबले. त्या नऊ मिनिटांत बिल्सच्या डिफेन्सला त्यांना अडवायच्या कितीतरी संधी मिळाल्या, पण दर वेळी जायंट्स हातातून निसटले. म्हणजे सामना तिथे गेला, थोडा थोडा करून, बऱ्याच जणांच्या हातून. पण त्यातल्या एकाचंही नाव माझ्या शेजाऱ्याला चटकन आठवलं नाही. शेवटचा हात... म्हणजे पाय ज्याचा लागला, सामना त्याच्या नावावर.

असो. आता माझी गोष्ट.

काही वर्षांपूर्वी एका प्रोजेक्टवर मी टीम लीड होतो. रिलीजची रात्र, पुण्यात पहाटेचे अडीच. लातूरकडचा एक पोरगा होता आमच्यात, दीड वर्षाचा अनुभव, मला 'दादा' म्हणायचा. डेटाबेसची एक स्क्रिप्ट त्याने चालवली आणि क्लायंटचा दोन दिवसांचा डेटा उडाला. बॅकअप होता, सकाळी अकरापर्यंत सगळं परत आलं. पण ते साडेआठ तास आम्ही कसे काढले ते आमचं आम्हाला माहीत.

मग आला आरसीए. रूट कॉज अॅनालिसिस. एक्सेल शीट, त्यात पाच कॉलम. ती स्क्रिप्ट लिहिली होती तिसऱ्याच माणसाने, तो तोवर कंपनी सोडून गेला होता. रिव्ह्यू करायचं काम माझं होतं, आणि मी ती नुसती वरवर चाळून 'लुक्स गुड' लिहिलं होतं, कारण शुक्रवार संध्याकाळ होती. टेस्ट एन्व्हायरनमेंट मॅनेजमेंटने पैसे वाचवायला आधीच बंद केलेलं. चाळीस मिनिटं तेहतीस सेकंद आमचीही अशीच गेली होती. पण शीटमधल्या एका कॉलममध्ये कोणाचं तरी नाव हवं होतं. मी त्या पोराचं लिहिलं. खोटं नव्हतं हो ते. स्क्रिप्ट त्यानेच चालवली होती. कॉलमध्ये तो काही बोलला नाही, फक्त त्याने माईक म्यूट केला.

वर्षभरात त्याने कंपनी बदलली. ट्रीट झाली, केक कापला, मी भाषण केलं. बस्स.

बफेलोत काय झालं ते ऐका. सामना संपल्यावर नॉरवुड ड्रेसिंग रूममध्ये लपला नाही. पत्रकारांचे प्रश्न संपेपर्यंत उभा राहून एकेकाला उत्तरं देत राहिला. दुसऱ्या दिवशी टीम गावात परतली. नायगारा स्क्वेअरमध्ये थंडीत हजारो माणसं जमली होती. हरलेल्या टीमसाठी! आणि गर्दीतून आवाज सुरू झाला, आम्हाला स्कॉट हवाय, आम्हाला स्कॉट हवाय. तो मागे उभा होता, पुढे यायला तयार नव्हता. शेवटी त्याला माईकपाशी यावंच लागलं. गळा दाटलेला. लोकांनी आपल्यावर इतकं प्रेम ह्याआधी कधी केल्याचं आठवत नाही, अशा अर्थाचं काहीतरी तो बोलला. माझा शेजारी तेव्हा शाळकरी पोर होता, बापाच्या खांद्यावर बसून ओरडत होता. हे सांगताना तो सँडविच खायचा थांबला. "आम्ही त्याला माफ केलं असं लोक म्हणतात," तो म्हणाला, "पण माफ करायला त्याने आमचं केलं काय होतं? तो आमचा होता, एवढंच."

हे ऐकताना माझ्या डोळ्यांसमोर बफेलो नव्हतं. तो एक्सेलचा कॉलम होता.

नॉरवुडला बिल्सने पुढच्या हंगामातही ठेवलं. तो हंगाम त्याला काही फार चांगला गेला नाही. पण १२ जानेवारी १९९२ ला, पुन्हा सुपर बोलमध्ये जायचं की नाही हे ठरवणाऱ्या सामन्यात, समोर डेन्व्हर असताना त्याने ४४ यार्डांवरून फील्ड गोल मारला. सामना बिल्सने १०-७ असा जिंकला. बरोब्बर तीन गुणांनी. त्याच सामन्यात डेन्व्हरचा किकर तीन वेळा चुकला. म्हणजे वर्षभराच्या आत ह्याच माणसाने ह्याच टीमला पुन्हा त्याच दारात नेऊन उभं केलं. हे किती जणांना माहीत आहे? मला माझ्या शेजाऱ्यानेसुद्धा सांगितलं नव्हतं, नंतर वाचताना कळलं. त्या हंगामानंतर बिल्सने दुसरा किकर आणला आणि नॉरवुडचं करियर संपलं. मग त्याने व्हर्जिनियात आधी विम्याचं आणि नंतर घरांच्या खरेदी-विक्रीचं काम केलं.

हे वाचलं आणि मला आपला चेतन शर्मा आठवला. १८ एप्रिल १९८६, शारजा, शेवटचा चेंडू, चार रन हवेत, फुलटॉस आणि मियाँदादचा सिक्सर. आमच्या पिढीला हे आईच्या दुधाबरोबर पाजलेलं आहे. पण त्याच चेतन शर्माने ३१ ऑक्टोबर १९८७ ला, नागपुरात, न्यूझीलंडविरुद्ध वर्ल्ड कपमधली पहिलीवहिली हॅटट्रिक घेतली. तिन्ही बोल्ड! त्यातही नशीब बघा, त्याच दिवशी गावसकरने वनडेतलं आपलं एकमेव शतक ठोकलं. आपल्या मातीत झालेली हॅटट्रिक आपण फुटनोटमध्ये टाकली आणि शारजा मात्र तोंडपाठ.

उलटंही होतं बरं का. अॅडम विनाटिएरी म्हणून एक किकर होऊन गेला. त्यालाही ड्राफ्टमध्ये कोणी घेतलं नव्हतं. १९९६ ते २०१९, चोवीस हंगाम, ५९९ फील्ड गोल. फेब्रुवारी २००४ मध्ये ह्यूस्टनच्या सुपर बोलमध्ये चार सेकंद राहिलेली असताना त्याने ४१ यार्डांवरून मारलं आणि न्यू इंग्लंड ३२-२९ जिंकलं. त्याची सगळे पूजा करतात, करावीच. पण त्याच सामन्यात आधी त्याची एक किक चुकली होती आणि एक अडवली गेली होती. दोन्हीही ह्याहून जवळून! शेवटची गेली, म्हणून आधीच्या दोन पुसल्या गेल्या. नॉरवुडची शेवटची गेली नाही, म्हणून आधीची सहा वर्षं पुसली गेली. दोघांच्या पायांत फरक होताच, नाही असं नाही. पण लोकांच्या लक्षात राहण्याचं गणित पायावर ठरत नाही, क्रमावर ठरतं.

आणि आपण ज्याला पोस्टमॉर्टेम म्हणतो ना, तेही बऱ्याचदा ह्याच गणिताने चालतं. उलटीकडून लॉग वाचत जायचं आणि पहिलं नाव सापडलं की थांबायचं. मी थांबलो होतो. त्याच्या मागच्या ओळीत माझं 'लुक्स गुड' होतं.

गेल्या रविवारी त्या पोराला फोन लावला. आता तो बंगलोरला आहे, स्वतः लीड आहे, लग्न झालंय. इकडच्या तिकडच्या गप्पा झाल्या. मग मी म्हटलं, "अरे, त्या रिलीजच्या वेळी तुझं नाव लिहिलं मी शीटमध्ये. माझं लिहायला हवं होतं. रिव्ह्यू मीच केला होता."

तो जोरात हसला. "काय दादा, कुठली गोष्ट काढली. मी तर कधीच विसरलो."

"नक्की?"

"नक्की. सोडा हो."

मग जरा वेळ दोन्हीकडे शांतता. मागे कुकरची शिट्टी ऐकू आली.

"चौदा तारीख होती ना ती?" तो म्हणाला. "दोन वाजून बेचाळीस मिनिटं झाली होती."