शिवणीतली माया

शिवणाच्या वर्गात पहिल्या दिवशी मी मुलींच्या हाती सुई देत नाही, खडू देते. कापडावर मापाची रेघ ओढायची आणि तिच्या बाहेर अर्ध्या इंचावर दुसरी रेघ ओढायची. ह्या दोन रेघांमधल्या कापडाला आपण ‘माया’ म्हणतो. ज्या कोणी हा शब्द प्रथम वापरला तिला मी मनातल्या मनात नमस्कार करते. मी कादंबऱ्या लिहिते, पण असा एक शब्द मला सुचलेला नाही. माया ठेवली नाही तर शिवण धरत नाही. दोन धुण्यांत दशा सुटतात आणि कपडा उसवतो. “मायेत कंजुषी करू नका,” हे वाक्य मी वीस वर्षांत किती वेळा उच्चारले असेल, देव जाणे.

ह्या मायेच्या नियमाला एक जागा अपवाद आहे, आणि ती जागा माणसाच्या छातीत आहे, हे मला तीन वर्षांपूर्वी कळले.

माझ्या थोरल्या दिरांची फुफ्फुसे वाळत चालली होती. वाळत म्हणजे अक्षरशः. ओला स्पंज उन्हात कडक व्हावा तशी. ऑक्सिजनची नळी नाकाला लावून भाऊजी ओसरीवरून न्हाणीघरापर्यंत जात आणि तेवढ्यानेच दमून बसत. शेवटी एका परक्या माणसाची दोन्ही फुफ्फुसे त्यांना बसवायची असे ठरले. शस्त्रक्रियेच्या आधी डॉक्टरांनी आम्हा घरच्यांना समोर बसवून एका कोऱ्या कागदावर चित्र काढले. जाऊबाईंना त्यातले काही कळेना. त्यांचे डोळे भरलेले. मी शिवण शिकवते असे कळल्यावर डॉक्टर हसून म्हणाले, “मग बाई, हे तुम्हीच ह्यांना समजावा. हे सगळे शिवणकामच आहे.”

आणि ते खरेच शिवणकाम निघाले. एक फुफ्फुस बसवायचे म्हणजे तीन जोड. पहिला श्वासनलिकेच्या फांदीचा. तिच्यातून हवा जाते. दुसरा हृदयाकडून फुफ्फुसात रक्त नेणाऱ्या रोहिणीचा. तिसरा शुद्ध रक्त हृदयात परत आणणाऱ्या शिरांचा. मौज अशी की तिन्हींचे बेतणे निराळे. परतीच्या शिरा पातळ आणि दोन-दोन. त्यांना एकेक करून शिवत बसले तर तोंडे आवळायची. म्हणून दात्याच्या हृदयाच्या वरच्या कप्प्याची थोडी कड त्या शिरांभोवती ठेवूनच त्या कापून घेतात आणि ती कड घेणाऱ्याच्या हृदयाला शिवतात. ही तर उघडउघड मायाच! फक्त आतली गुळगुळीत बाजू आतल्या गुळगुळीत बाजूला भिडली पाहिजे. कच्ची कड आत राहिली तर तिच्यावर रक्ताची गुठळी धरते, आणि ती सुटून मेंदूत जाऊ शकते. रोहिणीचे माप मात्र काटेकोर हवे. आखूड झाली तर ताण पडतो, लांब राहिली तर फुफ्फुस फुगल्यावर ती नळीसारखी मुडपते आणि रक्त अडते.

रक्तवाहिनी शिवायची ही विद्या जगाला दिली अलेक्सी कॅरेल ह्या फ्रेंच माणसाने. १८९४ साली फ्रान्सचे अध्यक्ष सादी कार्नो ह्यांना लिऑन शहरात कोणी भोसकले. पोटातली मोठी शीर तुटली होती, आणि ती शिवण्याची रीत कुणाला ठाऊक नसल्याने ते गेले. कॅरेल तेव्हा त्याच गावात वैद्यक शिकत होता. लिऑन हे रेशमाचे गाव. तो मादाम लेरूदिए नावाच्या भरतकाम करणाऱ्या बाईंकडे गेला आणि बारीक सुई, बारीक रेशीम कसे चालवायचे ते शिकला. १९०२ साली त्याने आपली पद्धत छापली: नळीच्या गोल तोंडावर सारख्या अंतरावर तीन टाके घालून ते ताणायचे, म्हणजे गोलाचा त्रिकोण होतो आणि शिवण सरळ रेघेत चालते. बाही मुंढ्याला जोडताना आधी टाचण्या लावणाऱ्या कुठल्याही मुलीला हे सांगावे लागणार नाही. १९१२ साली कॅरेलला नोबेल पारितोषिक मिळाले. मादामना काय मिळाले, ते माझ्या वाचनात नाही.

शिरा आणि रोहिणी ह्यांचा प्रश्न असा बऱ्याच अंशी सुटला. हवेच्या नळीचा सुटला नाही. अमेरिकेत मिसिसिपी राज्यातल्या जॅक्सन येथे ११ जून १९६३ रोजी डॉ. जेम्स हार्डी ह्यांनी माणसात पहिले फुफ्फुस बसवले. रोगी जन्मठेपेचा कैदी होता. तो अठरा दिवस जगला आणि मूत्रपिंडे निकामी होऊन गेला. त्यानंतरच्या वीस वर्षांत जगभर सुमारे चाळीस वेळा हा प्रयत्न झाला. १९६८ साली बेल्जममध्ये डॉ. डेरोम ह्यांचा रोगी दहा महिने जगला, तोच सर्वांत भाग्यवान. बाकीचे बहुतेक दिवसांत किंवा आठवड्यांत गेले. पहिल्या काही दिवसांतून जे निभावले, त्यांतल्या कितीकांचा घात ह्या हवेच्या नळीच्या जोडाने केला. टाके चुकले म्हणून नव्हे. टाके जागच्या जागी असत. त्यांनी धरून ठेवलेले मांसच काळे पडून गळून जाई.

कारण ऐकाल तर आपल्या गावच्या नळयोजनेची आठवण होईल. श्वासनलिकेच्या फांद्यांना रक्त पुरवणाऱ्या वाहिन्या महारोहिणीतून निघतात, सुतासारख्या बारीक. दात्याच्या शरीरातून फुफ्फुस काढताना त्या तुटतात. फ्रान्समध्ये मेत्रास ह्यांनी १९५० साली कुत्र्यांवर प्रयोग करताना त्याही जोडून पाहिल्या होत्या, पण हे काम इतके नाजूक की बहुतेक शल्यविशारद त्या वाटेला जात नाहीत. मग नव्या नळीच्या कापलेल्या टोकाला रक्त कुठून मिळायचे? फुफ्फुसाच्या आतून, उलट्या दिशेने, झिरपत झिरपत जेवढे येईल तेवढे. योजनेच्या शेवटच्या नळासारखी त्या टोकाची स्थिती. आणि जोड नेमका त्याच टोकावर! दोरा फक्त धरून ठेवतो. दोन कडा एकजीव करायचे काम रक्त करते. पलीकडून नव्या केशवाहिन्या शिवण ओलांडून येईपर्यंत काही आठवडे जातात. तेवढे दिवस त्या टोकाने उपाशी राहून तग धरायचा असतो, आणि तोही बाहेरची हवा, धूळ, बुरशी सतत जिथून ये-जा करते अशा वाटेवर.

तेव्हा इथे उलटा कायदा. दात्याकडच्या नळीला माया ठेवायची नाही! जितकी लांब ठेवाल तितके टोक रक्तापासून दूर. ती पहिल्या फाट्याच्या अगदी जवळ, एक-दोन कूर्चेच्या कड्यांवर कापतात. डॉक्टरांनी हे सांगितले तेव्हा माझ्या तोंडून “अगंबाई” निघून गेले. वीस वर्षांचा माझा धडा त्या कागदावर उलटा पडला होता.

हे शहाणपण एका दिवसात आले नाही. कॅनडातल्या टोरांटोला १९७८ साली एका रोग्याचा जोड असाच उसवला. डॉ. जोएल कूपर आणि त्यांचे सहकारी मग पुन्हा प्रयोगशाळेत जाऊन बसले. मला ह्या माणसांचे कौतुक वाटते ते इथे. कुत्र्यांवर प्रयोग करून त्यांनी दोन गोष्टी पाहिल्या. एक, परके अवयव शरीराने झिडकारू नयेत म्हणून जी स्टेरॉइडे भरपूर देत, तीच जखम भरू देत नव्हती. दुसरी गोष्ट तर एखाद्या आजीला सुचावी अशी. पोटात आतड्यांवर चरबीचा एक पडदा पदरासारखा लोंबतो. त्याला वपा म्हणतात. त्यात रक्ताची समृद्धी मोठी. तो पदर वर छातीत ओढून त्यांनी जोडाभोवती गुंडाळला. थोड्याच दिवसांत त्यातले रक्त जोडात उतरू लागले. तोवर सायक्लोस्पोरिन हे नवे औषधही आले होते. ७ नोव्हेंबर १९८३ रोजी टोरांटोत टॉम हॉल ह्या गृहस्थांना एक फुफ्फुस बसवले. ते सहा वर्षांहून अधिक जगले.

पुढे त्याच मंडळींनी दोन्ही फुफ्फुसे एकदम बसवायला १९८६ साली सुरुवात केली. तेव्हा वाटले, मोठ्या श्वासनलिकेवर एकच जोड घालावा, दोन कशाला? मी असते तर मीही हेच म्हटले असते. एक शिवण वाचली. पण तो जोड फुफ्फुसांपासून आणखी दूर, म्हणजे आणखी उपाशी. तो वारंवार उसवू लागला. तेव्हा एकाऐवजी दोन जोड, प्रत्येक बाजूचा निराळा, पण फुफ्फुसाला चिकटून, अशी रीत पडली. वपेचा पदर कालांतराने सुटला. आता जवळपासच्याच मऊ मांसाने जोड झाकतात. मध्ये एक टोक दुसऱ्यात सरकवून शिवायचीही टूम निघाली होती. त्याने वाट अरुंद होते असे दिसल्यावर पुष्कळांनी ती सोडली.

भाऊजींचा जोड उसवला नाही. पहिले काही आठवडे दुर्बीण घालून डॉक्टर आत पाहत आणि “कड गुलाबी आहे” एवढेच सांगत. गुलाबी हा शब्द आमच्या घरात त्या दिवसांत इतका मोलाचा झाला, की जाऊबाई माझ्या शाळेतल्या गुलाबी दोऱ्याच्या रिळाकडेही कौतुकाने पाहत. पण तिसऱ्या महिन्यात उजव्या बाजूला शीळ वाजू लागली. जोडावर वण धरला होता आणि वणाने वाट आवळली होती. भरून येतानाही कातडी आकसते, ते आपण भाजल्या हातावर पाहतोच. उपाय असा की नळीतून एक फुगा आत नेऊन तिथे फुगवायचा आणि वाट रुंद करायची. ती पुन्हा आवळली तर पुन्हा फुगा. तेवढ्यानेही भागले नाही तर आत जाळीची नळी बसवायची.

आणखी एक गोष्ट डॉक्टरांनी आधी सांगितली होती, पण तिचा अर्थ मला घरी कळला. मज्जातंतू कोणी जोडत नाही. त्यामुळे जोडाच्या खाली कफ साचला तरी भाऊजींना खोकला येत नाही. त्यांना तो आणावा लागतो. घड्याळ लावून. सकाळी सातला, मग दुपारी, मग निजताना. पाहुण्यांना वाटते दुखणे वाढले. जाऊबाई हळूच सांगतात, “ते काम करताहेत.”

गेल्या दिवाळीत आळीत धूर फार होता म्हणून भाऊजी मागच्या खोलीत दारे लावून, नाकातोंडाला मुसके बांधून बसले होते. फराळाचे ताट मीच नेऊन दिले. त्यांनी मुसके खाली केले, चकली मोडली आणि विचारले, “ज्याची ही आहेत, त्याच्या घरी आज काय केले असेल?” त्या घरचे नाव आम्हाला सांगितलेले नाही, सांगत नाहीत.

गेल्या महिन्यात त्यांना चौथ्यांदा फुगा घालून आणले. परत आल्यावर आमच्या घराचा जिना ते स्वतः चढले. बावीस पायऱ्यांत एकदाच थांबले, तेही मागून येणाऱ्या जाऊबाईंना दम लागला म्हणून.