तंजावूरचे विद्युत्‌यंत्र आणि आकृतीची आवृत्ती

मार्च १८२६ मध्ये बिशप रेजिनाल्ड हेबर तंजावूरला आले, तेव्हा दुसऱ्या सरफोजीराजांच्या ग्रंथालयालगतच्या दालनात हवेचा पंप, खगोलीय उपकरणे आणि एक विद्युत्‌यंत्र मांडलेले होते. त्याच दालनात ग्रंथांची कपाटेही होती. यंत्रे जमविणारे संस्थानिक पुष्कळ झाले. यंत्राशेजारी ग्रंथ ठेवणारे थोडे. घर्षणाने वीज निर्माण करणारे असे यंत्र कावेरीकाठच्या दमट हवेत सहज रुसते. काचेवरील ओलाव्यातून विद्युत्‌भार निसटतो, आणि रचना ठाऊक नसेल तर दोष यंत्राचा की हवेचा, हे उमगत नाही.

आजच्या प्रयोगशाळेत हाच पेच पॉवर सप्लाय बोर्डापुढे उभा राहतो. २३० व्होल्टचा प्रवाह एकदिश होताच मुख्य कपॅसिटरवर सुमारे ३२५ व्होल्ट साठतात आणि बटण बंद केल्यावरही काही काळ तेथेच राहतात. म्हणून अंदाजाने हात घालणे येथे जिवावरचे ठरते. मात्र हाती असलेली आकृती जुन्या आवृत्तीची असेल, तर ती आकृती नसण्यापेक्षाही घातक.

एक उदाहरण पाहावे. ५ व्होल्टच्या पुरवठ्यात टीएल४३१ हा घटक दोन रेझिस्टरांनी विभागलेला व्होल्टेज आपल्या सुमारे २.५ व्होल्टच्या संदर्भाशी ताडून पाहतो. जुन्या आकृतीत दोन्ही रेझिस्टर १० किलोओहमचे आहेत, नव्या आवृत्तीत दोन्ही ४.७ चे. गुणोत्तर तेच, म्हणून पुरवठाही ५ व्होल्टच. आता जुनी आकृती पाहणाऱ्याने केवळ वरचाच रेझिस्टर तपासला, तो कुणीतरी चुकीचा बसविला असे मानले आणि तेथे १० किलोओहमचा जोडला, तर पुरवठा सुमारे ७.८ व्होल्टवर जातो. बोर्ड ‘दुरुस्त’ होतो. पुढचे सारे इलेक्ट्रॉनिक्स जळते. कोपऱ्यात बारीक छापलेला आवृत्तिक्रमांक मल्टिमीटर उचलण्याआधी वाचायचा असतो, तो यासाठी.

पण वाचून ताडायला नवी आकृती मिळते कुठे? ग्राहक व्यवहार विभागाने जुलै २०२२ मध्ये ‘दुरुस्तीच्या अधिकारा’साठी समिती नेमली आणि त्याच वर्षीच्या डिसेंबरात पोर्टल सुरू केले. त्यासाठी निवडलेली क्षेत्रे चार: शेतीची अवजारे, मोबाइल व टॅब्लेट, घरगुती टिकाऊ वस्तू आणि वाहने. प्रयोगशाळेची उपकरणे त्यांत नाहीत. तेथे आकृती आणि तिच्या पुढील सुधारणा मागण्याची हक्काची जागा एकच उरते, ती म्हणजे खरेदीचा करार. आणि त्यात ही अट बहुधा कोणी घालत नाही.